क्रियापद आपल्याकडून काय वदवून घेतं?

प्रश्न थोडक्यात असा होता: क्रियापदाला काळ असतो आणि ते कर्त्याच्या किंवा कर्माच्या लिंग-वचन-पुरुषाप्रमाणे बदलतं, असं आपण शाळेत शिकलो. जगातल्या सगळ्या भाषांत असंच असतं का? नसेल, तर एखाद्या अनोळखी भाषेचं क्रियापद समजून घ्यायला सुरुवात कुठून करायची?

पहिल्या भागाचं उत्तर एका शब्दात देता येतं: नाही. दुसऱ्यासाठी जरा बसावं लागेल. भाषांची वर्णनं लिहिण्यात आणि ती लिहायला शिकवण्यात माझी बावीस वर्षं गेली. नव्याने येणारा जवळजवळ प्रत्येक विद्यार्थी घरूनच एक कोरा तक्ता आखून आणतो. वर वर्तमान, भूत, भविष्य. डावीकडे प्रथम, द्वितीय, तृतीय पुरुष. मग समोरच्या भाषिकाला विचारत सुटतो: ‘मी जातो’ तुमच्यात कसं म्हणतात? ‘मी गेलो’ कसं म्हणतात? समोरचा माणूस सज्जन असतो, प्रत्येक चौकोनात काही ना काही भरून देतो. तक्ता पूर्ण होतो आणि त्या भाषेचं खरं वैशिष्ट्य तक्त्याबाहेर राहून जातं. मीही हे केलेलं आहे, त्याबद्दल पुढे सांगतो.

आधी एक गोष्ट पक्की करू. कुठल्याही भाषेत काहीही सांगता येतं, शब्द थोडे जास्त लागतील इतकंच. खरा फरक पडतो तो काय सांगावंच लागतं यात. भाषावैज्ञानिक रोमान याकोब्सन यांनी १९५९ साली हे नेमकेपणाने मांडलं आणि माझ्या मते भाषांची तुलना करताना याहून उपयोगी सूत्र दुसरं नाही. वाक्य पुरं करायचं असेल तर काही माहिती द्यावीच लागते, आणि ही वसुली बहुतेक भाषांत क्रियापदाच्या दाराशी होते. त्यामुळे ‘या भाषेत किती काळ आहेत’ हा प्रश्न नंतरचा. आधी विचारायचं ते हे, की इथलं क्रियापद बोलणाऱ्याकडून काय काय वदवून घेतं?

मराठीपासूनच सुरुवात करू. रोजच्या वापरातलं असल्यामुळे आपलं क्रियापद आपल्याला दिसतच नाही.

‘तू चिठ्ठी वाचलीस.’ यातलं ‘वाचलीस’ सुटं करून बघा. ‘वाच’ हा धातू, पुढे ‘ल’, मग ‘ई’, मग ‘स’. ‘ई’ आली ती चिठ्ठी स्त्रीलिंगी आणि एक आहे म्हणून. ‘स’ आला तो वाचणारा ‘तू’ आहेस म्हणून. चिठ्ठीच्या जागी पत्र ठेवा: ‘वाचलंस’. कागद ठेवा: ‘वाचलास’. चिठ्ठ्या अनेक असतील तर ‘वाचल्यास’. आता चिठ्ठी तशीच ठेवून वाचणारा बदला: ‘तुम्ही चिठ्ठी वाचलीत’. कर्त्यासाठी एक खण, कर्मासाठी दुसरा, दोन्ही एकाच शब्दाच्या टोकाला. हिंदीत ‘तूने चिट्ठी पढ़ी’ म्हटलं की क्रियापद फक्त चिठ्ठीचं ऐकतं, वाचणाऱ्याची नोंदच करत नाही. आपल्या वैयाकरणांना ही गोष्ट दिसली होती. तिला त्यांनी कर्तृ-कर्म संकर प्रयोग असं नाव दिलं. शाळेत हे प्रकरण अपवादासारखं शेवटी उरकलं जातं याचं मला वाईट वाटतं, कारण जगातल्या अनेक भाषांच्या क्रियापदात शिरायचा आपला दरवाजा नेमका हाच आहे.

स्वाहिलीतलं ‘निनाकुपेंडा’ पाहा: ‘नि’ म्हणजे मी, ‘ना’ वर्तमानाचा, ‘कु’ म्हणजे तुला, ‘पेंडा’ हा प्रेम करण्याचा धातू. अख्खं वाक्य एका क्रियापदात. बास्क भाषा याच्याही पुढे जाते. तिथे कर्ता, कर्म आणि ज्याला दिलं तो, तिघांचीही नोंद साहाय्यक क्रियापदात होते. आणि आणखी एक गोष्ट अशी आहे की पहिल्यांदा वाचली तेव्हा मी पान पुन्हा मागे उलटून पाहिलं होतं. ‘तो आला’ याला बास्कमध्ये ‘एतोरी दा’ म्हणतात. पण हेच मी अगदी जवळच्या, अरे-तुरेतल्या मित्राला सांगत असेन तर ‘एतोरी दुक’, आणि तशाच जवळच्या मैत्रिणीला सांगत असेन तर ‘एतोरी दुन’. आला तिसराच कुणीतरी. ऐकणाऱ्याचा त्या येण्याशी काडीचा संबंध नाही. तरी क्रियापद ऐकणारा पुरुष की स्त्री हे नोंदवून ठेवतं. आपल्या तक्त्यात याला चौकोन कुठून असणार?

क्रियापद किती भरगच्च होऊ शकतं याची टोकाची उदाहरणं नेहमी दिली जातात, म्हणून फार वेळ घेत नाही. अलास्कातल्या युपिक भाषेत ‘तो रेनडियरच्या शिकारीला जाणार आहे, असं तो अजून पुन्हा म्हणाला नव्हता’ हे सगळं एका शब्दात मावतं. शब्द सुरू होतो ‘तुन्तु’पासून, म्हणजे रेनडियर, आणि शिकार, जाणार, म्हणणं, अजून नाही, पुन्हा, तो असे तुकडे मागोमाग चिकटत जातात. दागेस्तानातल्या आर्ची भाषेत एका क्रियापदाची तत्त्वतः किती रूपं होऊ शकतात याचा हिशोब अलेक्सांद्र किब्रिक यांनी मांडला, तो आला १५,०२,८३९. दुसऱ्या टोकाला व्हिएतनामी. तिथे क्रियापद कर्ता बदलला तरी हलत नाही, काळ बदलला तरी हलत नाही. म्हणून ती भाषा सोपी होत नाही. तिथलं ओझं शब्दक्रमावर आणि छोट्या छोट्या अव्ययांवर जातं.

आता काळ. प्रत्येक भाषेत भूत, वर्तमान, भविष्य असणारच अशी आपली समजूत असते. ‘वर्ल्ड अॅटलस ऑफ लँग्वेज स्ट्रक्चर्स’ या प्रकल्पात २२२ भाषा तपासल्या गेल्या. त्यांपैकी ८८ भाषांत भूतकाळाची व्याकरणिक खूणच सापडली नाही. भविष्यासाठी क्रियापदाचं वेगळं रूप असणाऱ्या ११०, नसणाऱ्या ११२. म्हणजे ‘जाईन’सारखं रूप असणं आणि नसणं जवळजवळ निम्मं-निम्मं आहे. फिनिश भाषेत भविष्यकाळाचं रूप नाही. ‘मी उद्या जातो’ असं आपण म्हणतो तसंच तिथे नेहमी म्हणतात आणि कुणाचं काही अडत नाही.

चिनी भाषेत काळ नाही असं सांगितलं की हमखास प्रश्न येतो: मग ते ‘ल’ काय आहे? ‘ल’ म्हणजे भूतकाळ असंच बऱ्याच जणांनी पाठ केलेलं असतं. तर हे वाक्य घ्या: ‘मी उद्या पोचलो की तुला सांगतो.’ चिनीत इथे ‘पोच’ या अर्थाच्या क्रियापदाला ‘ल’ लागतो, आणि घटना तर उद्याची आहे. आता तुमचं मराठी वाक्य पुन्हा वाचा. ‘पोचलो’ यातही ‘ल’ आहे आणि घटना उद्याचीच आहे. दोन्हीकडे ‘ल’ असणं हा निव्वळ योगायोग, पण दोन्हीकडचं काम सारखं आहे: एक क्रिया पुरी झाली की मग दुसरी. दारातून हाक आल्यावर जागेवरूनच ‘आलोच!’ म्हणणारा माणूस भूतकाळ वापरत नसतो. ‘तू आलास तर बरं होईल’ यातही भूत नाही. जुन्या मराठी व्याकरणांत या रूपांना ताख्यात, लाख्यात, वाख्यात, ईलाख्यात अशी प्रत्ययावरून नावं दिलेली आढळतात. विद्यार्थ्यांना ती बोजड वाटतात. मला ती फार शहाणपणाची वाटतात. नाव रूपाला द्यायचं, मग ते रूप कुठे कुठे काय काम करतं ते शांतपणे पाहायचं. ‘भूतकाळ’ असं लेबल आधी चिकटवलं की ‘आलोच’ अपवाद ठरतो, आणि अपवादांची यादी वाढत गेली की लेबलच चुकलेलं असतं.

क्रिया केव्हा घडली याऐवजी ती पुरी झाली की चालू होती, तिच्याकडे बाहेरून पाहायचं की आतून, या भेदाला आस्पेक्ट म्हणतात. रशियनमध्ये तो टाळताच येत नाही. ‘लिहिणं’ यासाठी ‘पिसात्’ आणि ‘नापिसात्’ अशी जोडी आहे आणि बहुतेक सगळ्या क्रियापदांच्या अशा जोड्या असतात. ‘मी पत्र लिहीत होतो, लिहायचा प्रयत्न चालू होता’ याला पहिलं. ‘लिहिलं, झालं’ याला दुसरं. यातल्या दुसऱ्या जातीला वर्तमानकाळ नसतोच. तिला वर्तमानाचे प्रत्यय लावले की अर्थ होतो ‘लिहीन, पुरं करीन’. विचार केला तर पटतं, कारण जे पुरं झाल्यासारखं पाहायचं ते या क्षणी चालू कसं असेल? मराठीत ‘लिहून काढलं’, ‘लिहून टाकलं’, ‘लिहून ठेवलं’ असं आपण म्हणतो, त्यात पूर्णतेचा भाव असतो, शिवाय बोलणाऱ्याचा कंटाळा किंवा काळजीही असते. पण नुसतं ‘लिहिलं’ म्हणून मोकळं व्हायची मुभा आपल्याला आहे. रशियन माणसाला तशी तिसरी वाट नाही.

काळाची मापंही सगळीकडे एकच नाहीत. झांबियातल्या बेंबा भाषेत भूतकाळाच्या चार पायऱ्या आहेत: आत्ता काही तासांपूर्वी, आज त्याआधी, काल, आणि कालच्याही आधी. भविष्यातही तशाच चार. हे दूरचं वाटत असेल तर पाणिनी उघडा. ‘अनद्यतने लङ्’: जे आजचं नाही अशा भूतासाठी लङ् (लङ्, लुट् ही पाणिनीने क्रियारूपांना दिलेली नावं). ‘अनद्यतने लुट्’: जे आजचं नाही अशा भविष्यासाठी लुट्. आज आणि आज-नव्हे यांच्यामध्ये क्रियापदाने मारलेली ही रेघ आपल्याच परंपरेत सूत्ररूपाने लिहून ठेवलेली आहे. पुढे संस्कृतच्या वापरात हा भेद पुसट झाला आणि शाळेत ‘लुङ्, लङ्, लिट् हे तिन्ही भूतकाळच’ असं सांगून विषय संपवला जाऊ लागला.

आणि त्याच प्रकरणात पुढे येतं ‘परोक्षे लिट्’. इथे मला थांबायचंच आहे.

परोक्ष म्हणजे बोलणाऱ्याच्या डोळ्यांआड घडलेलं. म्हणजे हे रूप निवडताना घटना केव्हाची एवढ्यावर भागत नाही. ती तुला कशी कळली, हेही क्रियापद विचारतं. आज भाषाविज्ञानात याला एव्हिडेन्शियल म्हणतात, मी ‘ज्ञानस्रोत’ म्हणतो. कोलंबिया आणि ब्राझील यांच्या सीमेवर बोलली जाणारी तुयुका ही याची प्रसिद्ध भाषा. तिथे ‘तो फुटबॉल खेळला’ एवढंच म्हणताच येत नाही. मी त्याला खेळताना पाहिलं, याला एक प्रत्यय. पाहिलं नाही पण खेळाचा आवाज ऐकला, याला दुसरा. मैदानावर त्याच्या बुटांचे ठसे पाहिले, तिसरा. कुणीतरी मला सांगितलं, चौथा. एकूण परिस्थितीवरून तसं मानायला हरकत नाही, पाचवा. तुर्कीत दोनच रूपं: ‘गेल्दी’ म्हणजे आला आणि मला ते ठाऊक आहे, ‘गेल्मिश’ म्हणजे आला म्हणे, किंवा आलेला दिसतोय.

मग पेच येतो तो ‘मी’चा. स्वतःच केलेलं स्वतःच्या डोळ्यांआड कसं असेल? संस्कृत वैयाकरणांना हा प्रश्न पडला आणि त्यांनी उत्तरही दिलं: झोपेत किंवा नशेत असेल तर. त्यांचं उदाहरण आहे ‘सुप्तोऽहं किल विललाप’, म्हणजे झोपेत मी बडबडलो म्हणे. तुर्की माणूस खुर्चीत डुलकी लागून जागा झाला की म्हणतो ‘उयुमुशुम’, म्हणजे झोपलो होतो वाटतं. तोच ‘मिश’, तोच ‘मी’, तीच झोप. या दोन परंपरांचा एकमेकींशी काही संबंध नाही. ज्ञानाचा स्रोत क्रियापदात बांधला की दोन्ही भाषा त्याच वळणावर येतात. हे शिकवताना मला आजही आनंद होतो.

याच भेदावरून इतिहासाचं एक कोडं सोडवलं गेलं आहे. घटना पाहिलेली नसली, तरी लोकांत प्रसिद्ध असेल आणि बोलणाऱ्याला पाहता येण्याजोगी असेल, तर लिट् न वापरता लङ् वापरावा, असं वार्तिक, म्हणजे पाणिनीच्या सूत्राला जोडलेली पुरवणी, आहे. त्यावर पतंजलीने महाभाष्यात उदाहरण दिलं: ‘अरुणद् यवनः साकेतम्’, यवनाने म्हणजे ग्रीकाने साकेताला म्हणजे अयोध्येला वेढा घातला. क्रियापद लङ्-मधलं आहे, म्हणजे हा वेढा उदाहरण देणाऱ्याच्या हयातीतला असला पाहिजे. पतंजलीला इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकात ठेवताना अभ्यासक ज्या पुराव्यांकडे बोट दाखवतात, त्यांत हे एक क्रियापद आहे.

आता माझी चूक. अनेक वर्षांपूर्वी तिबेटी गटातल्या एका भाषेचं काम करत होतो. तक्ता पुढे ठेवून मी एका वृद्ध बाईंना विचारलं, ‘तो गेला’ कसं म्हणाल? त्यांनी मलाच विचारलं, “तुम्ही पाहिलंत का त्याला जाताना?” मला वाटलं त्यांना उदाहरण समजलं नाही. मी म्हटलं, “आजी, तसं काही नाही, नुसतं वाक्य सांगा.” त्या जरा घुटमळल्या आणि एक रूप सांगितलं. मी लिहून घेतलं. दोन आठवड्यांनी दुसऱ्याकडून वेगळंच रूप आलं, तेव्हा मी वहीत पाठभेद म्हणून नोंद केली. महिना गेल्यावर ध्यानात आलं की आजींचा प्रश्न हेच माझ्या प्रश्नाचं उत्तर होतं. पाहिलं की नाही हे ठरल्याशिवाय त्यांना वाक्य पुरं करता येत नव्हतं, आणि मी त्यांना ते न ठरवता बोला असं सांगत होतो.

मराठीत हे सक्तीचं नाही, पण साधनं आहेत. ‘आला असावा’, ‘आलेला दिसतोय’, आणि सगळ्यांत गोड ‘आला म्हणे’. हे ‘म्हणे’ एकेकाळचं सरळ क्रियापद. आता ते गोठलं आहे: ‘त्या गेल्या म्हणे’, ‘मी घोरतो म्हणे’, पुरुष-वचन काही बदललं तरी ‘म्हणे’ तेच. ऐकीव माहितीच्या खुणा अनेक भाषांत ‘म्हणणे’ या अर्थाच्या क्रियापदापासूनच झाल्या आहेत. आपली वाटेवर आहे.

नकाराबद्दलही थोडं सांगतो, कारण इथे मराठी माणसाला फुकटात काही मिळतं. ‘नाही’ हा एक न बदलणारा शब्द आहे असं अनेक भाषिकांना वाटतं. फिनिशमध्ये नकार हेच क्रियापद आहे: ‘एन लुए’ मी वाचत नाही, ‘एत लुए’ तू वाचत नाहीस, ‘एई लुए’ तो वाचत नाही. पुरुष नकाराला लागतो, ‘वाच’ कोरा राहतो. परदेशी विद्यार्थी याने चक्रावतात. आपण ‘वाचत नाहीस’, ‘वाचत नाहीत’, ‘नव्हतास’, ‘नकोस’ असं रोज म्हणत आलो आहोत.

क्रियापदांची संख्या तरी सारखी असावी? तेही नाही. पापुआ न्यू गिनीतल्या कलाम भाषेत क्रियाधातू साधारण १३० आहेत, आणि रोजचं बहुतेक बोलणं त्यातल्या मोजक्यांवर चालतं. सरपण गोळा करून आणलं हे सांगायला जा, लाकूड, मार, मोड, घे, ये, ठेव अशी साखळी लागते. अँड्र्यू पॉली यांनी हे तपशीलात मांडलं आहे. ती साखळी कलाम भाषिकाला लांबण वाटत नाही, आपल्याला ‘घेऊन ये’ वाटत नाही तशीच. उलट अमेरिकेतल्या नावाहो या आदिवासी भाषेत ‘दे’ या एका कामासाठी वस्तूच्या आकाराप्रमाणे वेगवेगळे धातू आहेत: घट्ट गोलसर वस्तू, लांब ताठ वस्तू, दोरीसारखी, कापडासारखी, चिखलासारखी, उघड्या भांड्यातली. असे साधारण अकरा वर्ग सांगितले जातात. वस्तूचं नाव न घेताही ती कशी आहे हे क्रियापदावरून कळतं.

नाम आणि क्रियापद यांच्यातली भिंतही सगळीकडे सारखी उंच नाही. पाराग्वेतल्या ग्वारानीत घराला ‘ओगा’, एकेकाळी घर होतं त्याला ‘ओगाकुए’, आणि पुढे घर होणार आहे त्याला ‘ओगारा’. भूत-भविष्याचे प्रत्यय, तेही नामाला. व्हँकुव्हर बेटावरच्या नुचानुल्थ भाषेत ‘माणूस काम करतोय’ आणि ‘जो काम करतोय तो माणूस आहे’ ही दोन वाक्यं त्याच दोन धातूंपासून, फक्त प्रत्ययांची अदलाबदल करून होतात. ‘माणूस’ क्रियापदाच्या जागी बसतो आणि त्याला विधानाचा प्रत्यय लागतो.

एवढं वाचल्यावर मोह होतो की, ज्यांच्या भाषेत काळ नाही त्यांना काळाची जाणीवच वेगळी असेल. या मोहाने मोठमोठ्यांना चकवलं आहे. अमेरिकेतल्या होपी या आदिवासी भाषेत काळाची कल्पनाच नाही असं बेंजामिन ली व्होर्फ यांनी म्हटलं आणि ते जगभर पसरलं. १९८३ साली एकेहार्ट मालोत्की यांनी शेकडो पानं भरतील इतकी होपी वाक्यं पुढे ठेवली, ज्यांत दिवस, ऋतू, आधी, नंतर, सगळं आहे आणि भविष्यासाठी प्रत्ययसुद्धा आहे. सक्ती नसणं आणि सांगता न येणं या दोन गोष्टींची गल्लत झाली होती. ‘तो आला’ म्हणताना पाहिलं की ऐकलं हे मराठी विचारत नाही, म्हणून आपण अफवा आणि डोळ्यांदेखतची गोष्ट एकच समजतो का?

तर सुरुवात कशी करायची? पहिल्या दिवशी तक्ता नेऊ नका. त्याच एका माणसाकडून तीन गोष्टी ध्वनिमुद्रित करून घ्या: त्याने स्वतः अनुभवलेला एक प्रसंग, लहानपणी दुसऱ्याकडून ऐकलेली एक कथा, आणि येत्या आठवड्याचा त्याचा बेत. तिन्ही लिहून काढा आणि फक्त क्रियापदांची टोकं एकाखाली एक मांडा. एका गोष्टीत सतत येणारं आणि दुसरीत कधीच न येणारं टोक दिसलं की तिथे बोट ठेवा. मग त्या माणसाला ‘याचा अर्थ काय’ असं विचारू नका, कारण आपल्या प्रत्ययांचा अर्थ कुणालाच सांगता येत नाही, ‘वाचलीस’मधल्या ‘स’चा तुम्हाला तरी आला असता का? त्याऐवजी कथेतलं टोक उचलून त्याच्या स्वतःच्या प्रसंगातल्या वाक्याला लावा, ते मोठ्याने म्हणून दाखवा आणि विचारा, “हे असं कधी म्हणता येणार नाही?” तो हसेल, किंवा कपाळाला आठी घालेल, किंवा आजींसारखा तुम्हालाच उलट प्रश्न करेल. तो उलटा प्रश्न शब्दशः लिहून घ्या.